वही कोणाच्या हाती?

(गावच्या यात्रेनिमित्त भरलेल्या सभेत एका शाळामास्तरांनी केलेले भाषण)



सभेच्या चालकांनी आम्हांस “धंदा कसा वाढतो” या विषयावर चार शब्द बोलण्यास सांगितले आहे. आम्ही पडलो शाळामास्तर. आमच्या हाती खडू आणि फळा. जो धंदा आपण कधी केला नाही त्याचा उपदेश दुसऱ्यास करीत सुटणे ही पुराणिकाची विद्या आहे. ती आम्हांस येत नाही. म्हणून आज उपदेश बाजूस ठेवून आम्ही तुम्हांस एका खऱ्या माणसाची हकीकत सांगतो. हा माणूस राजा नव्हता, सरदार नव्हता, सावकारही नव्हता. तो कुंभार होता. कुंभाराच्या पोटी जन्मला होता आणि नवव्या वर्षी त्याच्या डोक्यावरचे बापाचे छत्र गेले होते. त्याचे नाव जोसाया वेजवुड. त्याचे गाव इंग्लंडातील स्टॅफर्डशायर परगण्यातले बर्सलेम.

ही हकीकत ऐकताना एक गोष्ट ध्यानात ठेवा. थोर पुरुषाची गोष्ट सांगायची म्हणजे त्याच्या गळ्यात हार घालून मोकळे व्हायचे, अशी आपल्याकडे रीत पडली आहे. आम्ही तसे करणार नाही. या कुंभाराने काय मिळवले ते सांगू, आणि त्याच्या मिळकतीपायी दुसऱ्या कुंभारांनी काय गमावले तेही सांगू. मग तुम्हीच तराजू हातात धरा.

वेजवुडचा जन्म 1730 सालचा. त्या काळी बर्सलेम म्हणजे आपल्याकडच्या कुंभारवाड्याचा मोठा भाऊ म्हणावा असे गाव होते. घरोघर चाक, घरामागे भट्टी. माती तिथलीच, दगडी कोळसाही तिथलाच. म्हणून तर कुंभार तेथे वसले. पण रस्ते असे की पावसाळ्यात गाडीचे चाक तुंब्यापर्यंत रुतावे. तयार भांडी पेटाऱ्यांत भरून तट्टांच्या पाठीवर लादीत. वाटेत एक तट्टू अडखळले की आठवड्याची मेहनत खापऱ्या होऊन रस्त्यावर पडे. माल तांबूस, काळपट, जाड. श्रीमंतांच्या ताटाखाली तो जात नसे. श्रीमंतांस हवी असत चीन देशातून जहाजाने आलेली पांढरी, पातळ भांडी. आपण आजही कपबशीच्या मातीस “चिनी माती” म्हणतो, ते नाव त्याच देशावरून पडले आहे.

बाप 1739 साली वारला. पोर थोरल्या भावाच्या हाताखाली कामास लागले. थोड्याच वर्षांत देवीची साथ आली. पोराचा जीव वाचला, पण उजवा गुडघा कायमचा अधू झाला. 1744 साली भावाकडेच पाच वर्षांच्या उमेदवारीचा करार झाला. कुंभाराचे चाक त्या देशात पायाने फिरवीत. अधू गुडघ्याचा कुंभार म्हणजे एका हाताचा मल्ल. दुसरा असता तर नशिबास बोल लावून बसला असता. याने चाक सोडले आणि मातीचा, रंगांचा, झिलईचा अभ्यास धरला. उमेदवारी संपल्यावर भावाने त्यास धंद्यात भागीदार करून घेतले नाही. मग तो दुसऱ्या कुंभारांशी भागी करून राहिला. 1754 पासून टॉमस विल्डन नावाच्या नामांकित कुंभाराबरोबर त्याने काम केले, आणि 1759 साली स्वतःचा कारखाना मांडला. पुढे 1768 साली तो पाय कापून टाकावा लागला. तेव्हा भूल देण्याची विद्या निघालेली नव्हती. शुद्धीवर असतानाच पाय कापला गेला, आणि उरलेले आयुष्य त्याने लाकडी पायावर काढले.

आता त्याच्या धंद्याच्या मुळाशी काय होते ते पाहू. पहिली गोष्ट म्हणजे वही.

1759 सालापासून वेजवुडने प्रयोगांची वही ठेवली. कोणती माती किती, गारगोटीची पूड किती, झिलईत काय मिसळले, भट्टीत कोणत्या जागी ठेवले, आणि काय निघाले, हे सर्व अनुक्रमांक घालून लिहायचे. बिघडलेला नग फेकण्याआधी तो का बिघडला हे लिहायचे. असे हजारो प्रयोग त्याने केले. वही चोरास वाचता येऊ नये म्हणून पदार्थांची नावे खुणेच्या आकड्यांनी लिहिली. बंधूंनो, आपल्याकडे कुंभाराच्या हातात पिढ्यानपिढ्यांचे ज्ञान आहे. पण ते हातातच राहते आणि हाताबरोबरच जाते. म्हातारा गेला की त्याच्या झिलईची, त्याच्या मातीच्या मिश्रणाची विद्या त्याच्याबरोबर जाते, आणि नातवास पुन्हा पहिल्यापासून ठोकरा खाव्या लागतात. वेजवुडच्या घरी ती कागदावर राहिली.

या खटपटीतून साईच्या रंगाची, हलकी, गुळगुळीत आणि स्वस्त अशी भांडी त्याने सुधारून काढली. 1765 साली इंग्लंडच्या राणीकडून चहाच्या भांड्यांची मागणी आली. दुसऱ्या कुंभारांस हे काम जोखमीचे वाटले. याने ते पत्करले, नीट पार पाडले, आणि पुढे त्या मालास “राणीची भांडी” हे नाव लावण्याची परवानगी मिळवली. भांडे तेच, पण नाव असे की प्रत्येक घरधनीणीस वाटावे, राणीच्या पंगतीतले एक ताट आपल्याही घरी असावे.

भट्टीची आच किती झाली हे त्या काळी डोळ्यानेच ओळखीत. एखाद्या दिवशी नजर चुकली की सगळी भट्टी फुकट. वेजवुडने यावर साधी युक्ती काढली. माती भाजली की आक्रसते, हे तुम्हांस ठाऊकच आहे. त्याने एकाच मापाच्या लहान मातीच्या गोट्या तयार केल्या. भट्टीत मालाबरोबर एक गोटी ठेवायची, ती काढून निमुळत्या होत गेलेल्या दोन पट्ट्यांच्या खाचेत सरकवायची. जितकी पुढे जाईल तितकी ती आक्रसली, म्हणजे तितकी आच जास्त. पट्टीवर आकडे घातलेले. 1782 साली त्याने हे लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे मांडले, आणि पुढच्याच वर्षी त्या विद्वानांच्या सभेने या कुंभारास आपला सभासद करून घेतले. जो मनुष्य अंदाजाच्या जागी माप आणतो, त्याची जात कोणती आणि शिक्षण किती, हे तेथे कोणी विचारीत बसले नाही.

दुसरी गोष्ट म्हणजे वाट. गारगोटी लांबच्या समुद्रकाठावरून आणि पांढरी माती दक्षिणेकडील बंदरांतून यायची. तट्टांच्या पाठीवर ती आणायची तर भांड्यापेक्षा भाडे भारी. वेजवुडने पुढाकार घेऊन आधी सडकेसाठी पार्लमेंटात अर्ज करवला, आणि मग कालव्याची चळवळ केली. ट्रेंट आणि मर्सी या दोन नद्या जोडणाऱ्या कालव्याचा कायदा 1766 साली झाला. पहिली कुदळ वेजवुडने मारली. जेम्स ब्रिंडली हा त्या कामाचा कर्ता पुरुष. पण काम पुरे होण्याआधी 1772 साली तो वारला, आणि कालवा 1777 साली संपला. त्याची लांबी 93 मैल. वाटेत डोंगर पोखरून दीड मैलांवर लांब बोगदा काढावा लागला. पण एकदा पाणी खेळू लागल्यावर जो माल तट्टांच्या तांड्याने न्यावा लागे, तो एक घोडा नावेतून ओढू लागला, आणि फुटतूट थांबली. हे काम एकट्या कुंभाराचे नव्हे. कुंभार, कोळशाचे मालक, व्यापारी, जमीनदार या सर्वांनी भाग घेऊन ते केले. ज्यांची बाजारात एकमेकांशी स्पर्धा होती, ते वाटेपुरते एक झाले. आमच्या गावात दोन भाऊबंदांच्या बांधावरून गाडीवाट अडते ती पिढ्यानपिढ्या अडूनच राहते, हे येथे आठवल्याशिवाय राहत नाही.

एक गोष्ट आणखी. कॉर्नवॉल परगण्यातील पांढऱ्या मातीपासून चिनी भांडी करण्याचा मक्ता 1768 साली एका गृहस्थाने सरकारातून मिळवला होता. तो पुढे दुसऱ्याच्या हाती गेला, आणि 1775 साली त्या मक्त्याची मुदत वाढवून मागण्यात आली. तेव्हा वेजवुड आणि स्टॅफर्डशायरचे कुंभार विरोधास उभे राहिले. मुदत वाढली, परंतु चिनी भांड्यांखेरीज इतर मालात ती माती घालण्याची मोकळीक सर्वांस मिळाली. माती ही कुंभाराची जमीन आहे. ती एकाच्या खिशात गेली तर बाकीच्यांनी काय करावे? मात्र हाच वेजवुड स्वतःच्या झिलईची कृती कुलूपबंद ठेवीत असे, हेही विसरू नका. दुसऱ्याचा मक्ता डोळ्यांत सलतो, आपला मक्ता मात्र न्यायाचा वाटतो. मनुष्यस्वभाव सगळीकडे सारखाच.

तिसरी गोष्ट विक्रीची. वेजवुडने आपल्या भांड्याच्या बुडावर आपले नाव ठसवण्याचा परिपाठ पाडला. लंडनात त्याने दालने उघडली. तेथे नुसता ढीग नसे. टेबले मांडून, जेवणाची भांडी जशी घरात मांडतात तशी मांडून दाखवीत. रशियाच्या कॅथेरीन राणीने साडेनऊशेंच्या आसपास नगांचा संच मागवला, त्यावर इंग्लंडातील देखावे हाताने रंगवलेले. 1774 साली तो पाठवण्याआधी लंडनात लोकांस पाहण्यासाठी मांडला, आणि बघ्यांची रीघ लागली. त्याच साली चित्रांसह मालाची यादी छापली. वाटेत फुटला तर नग बदलून देऊ, पसंत न पडला तर पैसे परत करू, माल पोहोचवण्याचे भाडे आम्ही भरू, अशी हमी दिली. 1771 साली तर त्याने जर्मनीतील सरदार-जहागीरदारांस सुमारे एक हजार पेटारे न मागताच पाठवून दिले. ठेवून घ्या आणि पैसे पाठवा, नाही तर परत करा. धाडस मोठे होते, पण बहुतेकांनी पैसे पाठवले. भागीदार टॉमस बेंटली हा शिकलेला, चार लोकांत वावरलेला मनुष्य; तो लंडनची बाजू सांभाळी आणि वेजवुड भट्टीची.

आता जरा कान देऊन ऐका, कारण आम्ही आज येथे उभे राहिलो ते या पुढच्या गोष्टीसाठी.

1772 साली लंडनातील एक पेढी बुडाली आणि तिच्या मागून पुष्कळ पेढ्या कोसळल्या. व्यापार थंडावला. वेजवुडकडे मागणी होती, नाव होते, राजेरजवाडे गिऱ्हाईक होते. पण हातात रोकड नव्हती. माल खपतो आणि पैसा दिसत नाही, हे काय गौडबंगाल? त्याने दिवे लावून हिशेब तपासण्यास आरंभ केला. प्रत्येक नगास माती किती, कोळसा किती, घडणाऱ्याची मजुरी किती, कान चिकटवणाऱ्याची किती, रंगवणाऱ्याची किती, फुटतूट किती, दालनाचे भाडे आणि कारकुनाचा पगार यांतला वाटा किती, असे एकेक कलम काढून त्याने मजुरीचे आणि खर्चाचे पुस्तक तयार केले. तेव्हा डोळे उघडले. कित्येक नग तो आतबट्ट्याने विकीत होता. शिवाय लंडनच्या दालनात कारकुनाची अफरातफर उघडकीस आली. आंधळे दळते आणि कुत्रे पीठ खाते, असा प्रकार राजाच्या कुंभाराच्या घरीही चालू होता!

याच हिशेबातून त्यास दुसरी एक गोष्ट दिसली. काही खर्च मालाच्या मागे मागे धावतात. माल दुप्पट केला तर माती दुप्पट लागते. पण काही खर्च घड्याळाच्या काट्यासारखे आपल्या गतीने चालतात; माल थोडा करा की पुष्कळ करा, जागेचे भाडे, साचे, कारकून यांचा खर्च तेवढाच. मग एकाच साच्याचे नग जितके जास्त काढावे, तितका प्रत्येक नगावर पडणारा हा बोजा हलका. म्हणून त्याने ठरवले की, सरदारांनी महाल भरले ते पुरे झाले. आता भाव उतरवून मधल्या वर्गाच्या घरात शिरावे. मोठी माणसे थोडी असतात, लहान माणसे असंख्य असतात. भाव उतरला, खप वाढला.

आता ही वही आपण आपल्या गावात आणू. समजा, आपल्या कुंभाराने शंभर माठांचा आवा लावला. माती आणि तिची वाहतूक सहाशे रुपये, सरपण चौदाशे रुपये. मिळून दोन हजार. तो म्हणतो, माठास वीस रुपये पडले. पण आव्यात वीस माठ तडकले. उरले ऐंशी, म्हणजे माठास वीस नव्हे, पंचवीस पडले. व्यापाऱ्याने चाळीस रुपये दिले. कुंभार खूश, माठामागे पंधरा, ऐंशी माठांचे बाराशे रुपये सुटले! बंधूंनो, हे बाराशे कोणाचे? माती तुडवणारा तो, चाळणारी आणि पाणी घालणारी त्याची कारभारीण, वाळवण हलवणारा मुलगा, गोवऱ्या रचणारी म्हातारी. चार जणांनी दहा दिवस घाम गाळला. चाळीस दिवसांची मजुरी झाली. बाराशेस चाळीसने भागा. माणशी रोज तीस रुपये! हा नफा नव्हे. ही पोटास चिमटा घेऊन व्यापाऱ्यास दिलेली भेट आहे. आणि चाक, छप्पर, आव्याची जागा यांची झीज अजून आम्ही धरलेलीच नाही.

शेतकऱ्यांनी हसण्याचे कारण नाही. कांद्याचा, ज्वारीचा हिशेब याच रीतीने मांडून पाहा. बियाणे धरता, खत धरता, ट्रॅक्टरचे भाडे धरता. घरच्या बाईची खुरपणी कोण धरतो? “ती घरचीच आहे” असे म्हणून तिचे श्रम शून्य धरायचे, आणि व्यापारी भाव पाडतो म्हणून रडायचे! ज्या श्रमाची किंमत आपण स्वतः वहीत शून्य लिहिली, त्यास बाजारात कोण रुपया देईल? वेजवुडने चिकटवलेल्या कानाचीसुद्धा मजुरी लिहिली. तुम्ही आपल्या आईच्या वर्षाची लिहीत नाही.

येथपर्यंत ऐकून तुम्ही म्हणाल, मास्तरांनी शेवटी हार घातलाच. थांबा. आता दुसरे पारडे पाहू.

1769 साली वेजवुडने कालव्याच्या काठी एट्रूरिया नावाचा मोठा कारखाना उघडला. पूर्वीचा कुंभार माती कालवण्यापासून भट्टी उतरवण्यापर्यंत सर्व कामे जाणत असे. येथे कामाचे तुकडे पडले. एकाने फक्त घडायचे, दुसऱ्याने कातायचे, तिसऱ्याने कान लावायचे, चौथ्याने झिलईत बुडवायचे. हात सफाईदार झाले, माल एकसारखा झाला. पण अनेकांच्या हातून पुरी विद्या निसटली. पूर्वी जत्रा आली, सोमवार आला, की कुंभार आपल्या मर्जीने चाक थांबवीत. आता घंटा वाजली की हजर. उशीर झाला तर नोंद, नियम मोडला तर दंड. माणसांच्या हातून चूकच होणार नाही, अशी यंत्रे त्यांची बनवावी, अशा अर्थाचे त्यानेच आपल्या भागीदारास लिहिले आहे. घंटा मालकाची, घड्याळ मालकाचे, आणि वहीही मालकाची.

स्त्रियांस पुरुषांहून कमी मजुरी. मुलेही कामावर. वेजवुडच्या मुलाने 1816 साली पार्लमेंटच्या समितीपुढे सांगितले की, त्यांच्या कारखान्यातील 387 माणसांपैकी 13 जण दहा वर्षांखालचे आणि 103 जण दहा ते अठरा वर्षांमधले आहेत. झिलईत शिसे असे. भांडी झिलईत बुडवणाऱ्यांच्या अंगात ते भिनून हातपाय लुळे पडत. गारगोटीची धूळ फुप्फुसात बसून कुंभार खोकून खोकून मरत. स्टॅफर्डशायरात या दुखण्यास कुंभारांचेच नाव पडले होते. सरकारने शिशाच्या विषबाधेची नीट चौकशी करवली ती 1898 साली. म्हणजे वेजवुडच्या मरणानंतर शंभरावर वर्षांनी. नगाच्या खर्चाच्या पुस्तकात कोळसा होता, माती होती, फुटतूट होती. फुप्फुस मात्र कोणत्याच कलमात नव्हते.

1783 साली धान्य महाग झाले. एट्रूरियाच्या धक्क्यावर पीठ आणि चीज भरलेली नाव आली. ती माल न उतरवता पुढे जाणार असे कळताच भुकेल्या लोकांनी ती अडवली आणि आपण ठरवलेल्या भावाने माल विकून टाकला. शिपाई आले, धरपकड झाली, एका मनुष्यास फाशी दिली. ज्या कालव्याने भांडी बाहेर नेली, त्याच कालव्याने भाकरीही बाहेर जाते, हे लोकांनी त्या दिवशी पाहिले. वेजवुडने त्या साली तरुण कुंभारांस उद्देशून एक पुस्तिका छापली. आपल्या आईबापांस विचारा, पूर्वी हा मुलूख किती दरिद्री होता, आणि आता घरे, रस्ते, मजुरी किती सुधारली, असा तिचा रोख होता. त्यात खोटे नव्हते. कामगारांसाठी त्याने घरे बांधली होती. आजाऱ्यांसाठी वर्गणीचा फंडही होता. पण “काल उपाशी होतास, आज अर्धपोटी आहेस, तेव्हा गप्प बस” हा न्याय भुकेल्यास कसा पटावा?

आणि तरीही हा मनुष्य दगडाच्या काळजाचा नव्हता. 1787 साली गुलामांच्या व्यापाराविरुद्ध चळवळ सुरू झाली, तेव्हा त्याने एक लहान पदक तयार केले. बेड्या घातलेला एक काळा मनुष्य गुडघ्यावर बसून विचारतो आहे की, मी माणूस नव्हे काय, तुमचा भाऊ नव्हे काय. ही पदके त्याने फुकट वाटली. अमेरिकेत बेंजामिन फ्रँकलिनकडेही पाठवली. लोकांनी ती अंगावर मिरवली आणि घरोघर तो प्रश्न गेला. ज्या देशातील गुलामगिरी मोडली त्या देशातील भल्या लोकांस जोतीराव फुल्यांनी 1873 साली आपले पुस्तक अर्पण केले, हे तुम्हांस ठाऊक आहेच. त्या लढ्यातला एक चिमूटभर वाटा या कुंभाराच्या मातीचाही आहे. पण हिशेब पुरा मांडायचा तर हेही लिहिले पाहिजे की, त्याच्या चहाच्या भांड्यांचा खप ज्या चहावर वाढला, त्या चहात पडणारी साखर गुलामांच्या घामाची होती. एकाच मनुष्याच्या वहीत जमा आणि नावे दोन्ही बाजू असतात. एक पान फाडून टाकले तर वही खोटी होते.

वेजवुड 1795 साली वारला. बापाच्या मृत्युपत्रात त्याच्या वाट्यास वीस पौंड लिहिलेले होते. त्याने मागे ठेवले सुमारे पाच लाख पौंड. चार्ल्स डार्विन हा त्याच्या मुलीचा मुलगा. एट्रूरियाचा कारखाना 1950 साली बंद झाला. काम त्याआधीच दुसऱ्या गावी नेले होते. 2009 साली ती कंपनी कर्जात बुडून परक्यांच्या हाती गेली. कामगारांच्या निवृत्तिवेतनाच्या फंडात मोठी तूट निघाली, आणि वेजवुडच्या जुन्या भांड्यांचा व वह्यांचा संग्रह विकून ती भरावी लागेल, अशी पाळी 2011 साली न्यायालयाच्या निकालाने आली. 2014 साली लोकांनी आणि संस्थांनी मिळून 1 कोटी 57 लाख 50 हजार पौंड जमवून तो संग्रह वाचवला. अडीचशे वर्षे हिशेब शिकवणाऱ्या घराण्याच्या नावाची कंपनी, आणि तिच्या वहीत कामगारांच्या म्हातारपणाचे कलम तोकडे पडले!

आता तात्पर्य सांगून आम्ही खाली बसतो.

वही ही धारेची वस्तू आहे. ती नुसती मालकाच्या हाती असली तर तिने कामगाराचा घाम मोजला जातो, कापला जातो, आणि त्याच्या खोकल्याचे कलम गाळले जाते. ती व्यापाऱ्याच्या हाती असली तर तुमच्या मालाचा भाव तुमच्याआधी त्यास कळतो. ती कोणाच्याच हाती नसली तर सगळेच अंधारात. म्हणून आमचे मागणे मोठे नाही. प्रत्येक कारागिराच्या आणि शेतकऱ्याच्या घरात एक वही असावी. डाव्या पानावर आलेला पैसा, उजव्या पानावर गेलेला पैसा, आणि तिसऱ्या रकान्यात घरातल्या प्रत्येक माणसाचे कामाचे दिवस, बाईचे आणि म्हातारीचेसुद्धा. लिहिता येत नसेल तर पोरास सांगा. आमच्या शाळेत तिसरीची मुलगी एवढे सहज लिहील. फोनवर ठेवा की शंभर पानी वहीत ठेवा, पण ठेवा. वर्षाच्या शेवटी चार घरांनी आपल्या वह्या एकत्र मांडून पाहाव्या. ज्या दिवशी चार कुंभारांस कळेल की चाळिसास माठ देणे म्हणजे तीस रुपये रोजाने राबणे, त्या दिवशी चौघेही एकच भाव सांगतील. एकटा सांगेल त्यास व्यापारी हसेल. चौघांस हसण्यापूर्वी तो आपली वही काढून बघेल.

वही ठेवली म्हणजे वेजवुडसारखे पाच लाख पौंड मिळतील, असे आम्ही सांगत नाही. तसे सांगणारा तुम्हांस काही तरी विकण्यास आला आहे असे समजा. वहीने गरिबी एका दिवसात जात नाही. पण ती कोणत्या वाटेने घरात शिरली, हे कळते. आणि एकदा वाट कळली की तेथे चार माणसांनी उभे राहणे आपल्या हातचे आहे.

शाळेच्या ओसरीवर दर शनिवारी संध्याकाळी आम्ही बसत असतो. ज्यास रकाने आखून हवे असतील त्याने खुशाल यावे. बायकांनी आपल्या कामाचे दिवस आपल्या तोंडाने सांगण्यासाठी स्वतः यावे. घरधन्याच्या तोंडून ते नेहमी कमीच निघतात.